दादानं वावर विकून नागपूरला यावं का?

दक्षिण नागपुरात राहणाऱ्या आणि खासगी शाळेत शिकवणाऱ्या एका ताईंचं पत्र आलं आहे. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.

ताईंचं माहेर यवतमाळ जिल्ह्यातलं. थोरल्या भावाकडे पाच एकर कोरडवाहू वावर आहे. घरात दादा, वहिनी, म्हातारी आई, लग्नाला आलेली मुलगी आणि नुकताच बारावी झालेला मुलगा. दर जूनमध्ये दादांचा फोन येतो आणि ताई तीस-एक हजार रुपये पाठवतात. मागच्या वर्षी भाच्याच्या ॲडमिशनसाठी म्हणून दिलेले पैसे मुलीच्या साक्षगंधात खर्च झाले. ताईंच्या घरी भांडी-फरशीला येणाऱ्या मावशी पाच घरं करून महिन्याला साडेबारा हजार कमावतात. त्यांचे सासरे एम्प्रेस मिलमध्ये होते, नवरा रोज सकाळी रोजंदारीच्या कामासाठी चौकातल्या ठिय्यावर उभा राहतो. मावशींनी मुलीच्या फीसाठी पाच हजारांची उचल घेतली आणि पंधरा दिवसांत मुलीच्या हातात नवा मोबाइल दिसला. ताईंचे यजमान म्हणतात, "या लोकांना कितीही द्या, पुरत नाही. सवयच तशी." ताईंना हे पूर्ण पटत नाही, पण खोडूनही काढता येत नाही.

त्या लिहितात: "माझ्या डी.एड.साठी बाबांनी एक एकर विकलं होतं. मी शिकले, कष्ट केले, बाहेर पडले. दादाला का जमू नये? लग्नानंतर मी हक्कसोडही करून दिली. आता वाटतं, दादानं वावर विकून टाकावं आणि इथे येऊन एखादी नोकरी धरावी. शहरात निदान दर महिन्याला पैसा तरी हाती येतो. आमच्या मावशी त्याच्यापेक्षा बऱ्या. की मी मदतच बंद करावी, म्हणजे त्याचे डोळे उघडतील?"

ताई,

आधी उत्तर सांगून टाकते. दादांना वावर विकायला लावू नका आणि मदतही बंद करू नका. मात्र आज ज्या पद्धतीनं मदत करता, ती बदलावी लागेल. तुमचे तीस हजार दरवर्षी जातात आणि दादांची परिस्थिती जिथल्या तिथेच राहते, हे तुमचं निरीक्षण खरं आहे. त्याचं कारण मात्र तुम्ही समजता ते नाही.

दादांचा एका वर्षाचा हिशेब मांडून बघू. आकडे अंदाजाचे आहेत, त्यांच्याकडून खरे घेऊन दुरुस्त करा. कोरडवाहू वावरात एकरी पाच क्विंटल कापूस झाला तर बरं पिकलं म्हणायचं. पाच एकरांत पंचवीस क्विंटल. २०२४-२५ च्या हंगामात लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव क्विंटलला ७,५२१ रुपये होता. खेडा खरेदीत, म्हणजे गावातच येऊन, व्यापाऱ्यानं ६,८०० नं घेतला असं धरा. हाती आले १,७०,०००. आता खर्च. नांगरणी-वखरणी, बियाणं, खत, तीन-चार फवारण्या, निंदण, डवरण आणि शेवटी किलोवर मोजून द्यावी लागणारी वेचाई. एकरी २२,००० धरले तर १,१०,००० गेले. उरले ६०,०००. पाऊस वेळेवर आला, दुबार पेरणी करावी लागली नाही, बोंडअळीनं दया केली आणि डुकरांनी वावर तुडवलं नाही, तेव्हाचा हा हिशेब.

आता जूनकडे या. पेरणीला पन्नास हजार लागतात आणि घरात नसतात, कारण मागचा कापूस विकून आलेले पैसे उधाऱ्या फेडण्यातच संपलेले असतात. बँकेचं कर्ज थकलेलं असेल तर बँक दारात उभं करत नाही. मग गावातला सावकार, नाहीतर कृषी केंद्राची उधारी. महिन्याला शेकडा पाच हा दर गावात कुणाला जास्त वाटत नाही. पन्नास हजारांवर महिन्याला अडीच हजार, जून ते नोव्हेंबर सहा महिन्यांचे पंधरा हजार. आणि ज्याचं देणं डोक्यावर आहे तो कापूस घरात ठेवून भावाची किंवा हमीभावानं कापूस घेणाऱ्या सरकारी सीसीआयच्या केंद्राची वाट बघू शकत नाही. दिवाळीच्या तोंडावर जो भाव मिळेल त्यात देऊन मोकळा होतो. हमीभावापेक्षा क्विंटलमागे सातशे कमी धरले तर पंचवीस क्विंटलचे साडेसतरा हजार. पंधरा आणि साडेसतरा मिळून साडेबत्तीस हजार झाले. ताई, तुम्ही वर्षाला पाठवता साधारण तेवढेच. तुमची मदत दादांच्या घरात पोचतच नाही, जूनमध्ये हातात पैसा नसण्याची किंमत चुकवण्यातच ती संपते.

व्याज वजा जाता दादांकडे ४५,००० राहिले. त्यात पीएम किसान आणि नमो शेतकरीचे मिळून १२,००० घाला. ५७,००० झाले, म्हणजे पाच माणसांना महिन्याला पावणेपाच हजार. सुरेश तेंडुलकर समितीच्या पद्धतीनं २०११-१२ साठी महाराष्ट्राची दारिद्र्यरेषा काढली गेली, ती ग्रामीण भागात माणशी महिना ९६७ रुपये आणि शहरात १,१२६ रुपये होती. पाच माणसांचे ४,८३५ होतात. दादा आजच्या किमतींत, चांगल्या पिकाच्या वर्षी, त्या जुन्या रेषेच्याही किंचित खाली आहेत. पण रेशनच्या प्राधान्य यादीसाठी ग्रामीण भागात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा ४४,००० आणि शहरात ५९,००० ठरवली गेली होती. त्या हिशेबानं दादा गरीब नाहीत आणि मावशी तर मुळीच नाहीत.

आता मावशी. दादांपेक्षा त्या बऱ्या, असं तुम्ही म्हणता. रोख पैशाच्या बाबतीत खरं आहे. पण त्यांचा महिना कधी जवळून पाहिलात का? एक तारखेपासून दहा तारखेपर्यंत पाच घरांचे पगार तुकड्या-तुकड्यानं येतात. पाच तारखेला खोलीचं भाडं, आणि विजेचे घरमालकानं लावलेल्या सब-मीटरवर तो सांगेल त्या दरानं पैसे. दर मंगळवारी फायनान्स कंपनीच्या गटाचा हप्ता, तो चुकला तर गटातल्या बाकीच्या बाया दारात येतात. वीस तारखेनंतर किराणा वहीवर. वहीवर घ्यायचं म्हटलं की दुकान बदलता येत नाही आणि भावही विचारता येत नाही. तेल पाव किलोच्या पुडीनं, गॅस छोट्या टाकीत किलोनं भरून. तुम्ही महिन्याचा किराणा एकदाच भरता, पाच लिटरचा डबा आणता आणि तुम्हाला तोच माल स्वस्त पडतो. मावशींना तो रोज महाग पडतो, कारण त्यांच्याकडे एकाच वेळी हजार-दोन हजार कधी नसतात. त्यात पावसाळ्यात ठिय्यावरचं काम आटतं, आठवड्यातले तीन दिवस नवरा दहा वाजता डबा घेऊन परत येतो. मे महिन्यात पाचपैकी दोन घरं गावाला जातात आणि तेवढ्या दिवसांचा पगार कापतात. दादांकडे निदान घर स्वतःचं आहे, तुरीची डाळ वावरातली आहे, सरपण आहे. मावशींच्या घरी मिठापासून पाण्याच्या कॅनपर्यंत सगळं विकत.

म्हणून कोण बरं, हा प्रश्नच मला फारसा उपयोगाचा वाटत नाही. एकाकडे जमीन आहे, पण पैसा वर्षातून एकदाच येतो आणि तोही नक्की नसतो. दुसरीकडे दर महिन्याला पैसा येतो, पण आजारपण आलं तर टेकायला काहीच नाही. कमाई कमी असणं हे दोघांचं दुखणं आहेच. पण खरा जीव जातो तो या गोष्टीत, की पैसा ज्या दिवशी लागतो त्या दिवशी नसतो, आणि तो आणण्यासाठी दरवेळी जास्तीची किंमत मोजावी लागते.

तुमच्या यजमानांच्या "सवय" या मुद्द्यावर एक अभ्यास सांगण्यासारखा आहे. २०१३ मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात तो प्रसिद्ध झाला. तमिळनाडूतल्या ऊस शेतकऱ्यांना तोडणीच्या आधी, हाताशी पैसा नसताना, विचारशक्तीच्या काही चाचण्या दिल्या गेल्या. तोडणी होऊन पैसे मिळाल्यावर त्याच माणसांना पुन्हा तशाच चाचण्या दिल्या, आणि ती माणसं स्पष्टपणे सरस ठरली. माणूस तोच, बुद्धी तीच. पैशाची विवंचना डोक्यात असताना बाकी विचाराला जागा कमी उरत होती. जुलैतल्या दादांना एखादा निर्णय विचारा आणि डिसेंबरमधल्या दादांना विचारा, तुम्हालाही फरक दिसेल. आपण मात्र बहुतेक वेळा त्यांना जुलैत भेटतो आणि तोच त्यांचा स्वभाव समजतो.

मावशींचे सासरे एम्प्रेस मिलमध्ये होते असं तुम्ही सहज एका ओळीत लिहिलंत. माझ्या मते तुमच्या पत्रातली ती सगळ्यात महत्त्वाची ओळ आहे. जमशेटजी टाटांनी १ जानेवारी १८७७ ला ही गिरणी नागपुरात सुरू केली. त्याआधी दहा वर्षं, १८६७ मध्ये, रेल्वे नागपूरला पोचली होती, आणि कापूस भोवतालच्या गावांतूनच येत होता. म्हणजे तुमच्या आजोबा-पणजोबांच्या वावरातला कापूस आणि मावशींच्या सासऱ्यांचा पगार, दोन्ही एकाच धंद्यात गुंतलेले होते. गिरणीतल्या कामगाराला पगाराची चिठ्ठी होती, पीएफ होता, ईएसआयचा दवाखाना होता. दुकानदार त्याला उधार देताना दोनदा विचार करत नव्हता. २००२ मध्ये एम्प्रेस मिल बंद पडली. त्या जागेवर आज मॉल आहे. सासरे पगारी होते, मुलगा ठिय्यावर आहे. त्यात मुलाच्या सवयीचा काय संबंध?

त्याच २००२ मध्ये बीटी, म्हणजे जनुकीय बदल केलेल्या, कापसाला देशात परवानगी मिळाली. सुरुवातीला पीक वाढलं, फवारणीही कमी झाली, ते नाकारायचं कारण नाही. पण बियाणं दरवर्षी विकत घेणं आलं, खताचा खर्च चढत गेला, आणि कोरडवाहू वावरात एक पाऊस हुकला की हा सगळा वाढीव खर्च अंगावर येऊ लागला. २०१७ मध्ये गुलाबी बोंडअळीनं विदर्भातला कापूस खाल्ला. त्याच हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं वीसेक शेतकरी आणि मजूर दगावले. तुमच्या माहेरच्या पंचक्रोशीतल्या लोकांना ते वर्ष चांगलंच आठवत असेल. दादांच्या अडचणीत त्यांचे स्वतःचे निर्णय असतीलच, पण पाऊस, भाव, बियाणं आणि कर्ज या चारांपैकी एकही त्यांच्या हातात नाही. गावात ज्यांच्याकडे वावरच नाही, जे दादांच्या वावरात निंदायला आणि वेचायला येतात, त्यांच्याविषयी तर आपण अजून बोललोही नाही. ती घरं कुठल्या वस्तीत आहेत आणि पिढ्यान्‌पिढ्या त्यांना जमीन का मिळाली नाही, हे तुम्ही गावात वाढल्यामुळे जाणता. दादा गरीब आहेत आणि तरीही गावात त्यांच्याखाली बरीच माणसं आहेत.

आता एक थोडं अवघड बोलते, राग मानू नका. "मी शिकले, बाहेर पडले, दादाला का जमू नये?" असं तुम्ही विचारता. त्याच्या आधीचं वाक्य तुमचंच आहे: बाबांनी एक एकर विकलं होतं. तुमचे कष्ट खरेच आहेत, पण तुमच्या बाहेर पडण्याला भांडवल लागलं आणि ते त्या वावरानं दिलं. दादा त्या उरलेल्या पाच एकरांत राहिले आणि आईही त्यांच्याकडेच राहिली. दोघांनी बाहेर पडायचं ठरवलं असतं तर दुसरा एकर विकावा लागला असता. दुसरीकडे, तुम्हीही नुसत्याच देणाऱ्या नाही आहात. २००५ च्या दुरुस्तीनंतर वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा हिस्सा मुलाइतकाच आहे आणि तुम्ही तो सोडून दिलात. तेव्हा "मी दादाला पोसते" असंही नाही आणि "दादानं माझ्यासाठी काही केलं नाही" असंही नाही. दोघांची देवाणघेवाण वीस वर्षं चालू आहे, फक्त ती कुणी कधी मांडली नाही. हे लक्षात ठेवून फोन केलात तर तुमचा आवाजच वेगळा लागेल.

साक्षगंध आणि मोबाइल, या दोन गोष्टी तुम्हाला सगळ्यात जास्त टोचल्या आहेत. मोबाइलचं आधी. आज मुलीचा शिष्यवृत्तीचा अर्ज महाडीबीटी या सरकारी पोर्टलवर भरायचा असतो, ओटीपी फोनवर येतो, कॉलेजची सूचना व्हॉट्सॲपवर येते. तुमच्या शाळेतल्या मुलांना तुम्हीही गृहपाठ तिथेच टाकत असाल. आणि समजा तिनं तो हौसेनं घेतला असेल तरी? वर्गातल्या मुलींसमोर जुना फुटका फोन काढताना काय वाटतं, हे सोळा वर्षांच्या कुठल्याही मुलीला विचारा. फक्त एक गोष्ट मावशींना जरूर विचारा: फोन हप्त्यावर घेतला का आणि हप्ता किती. काळजी त्याची आहे.

साक्षगंधाचं मात्र मी पूर्ण समर्थन करणार नाही. दादांनी ॲडमिशनचं नाव सांगून पैसे घेतले, ते चुकलं, आणि तसं त्यांना सांगायला हरकत नाही. पण तो खर्च त्यांनी का केला असेल, तेही बघा. गावात ज्याच्या घरचं कार्य धड होत नाही, त्याची पत जाते. आणि पत गेली की उधार बियाणं मिळत नाही, अडल्या वेळी ट्रॅक्टर मिळत नाही, रात्री आईला दवाखान्यात न्यायला कुणी गाडी काढत नाही. ज्यांच्याकडे बँकेतली शिल्लक नसते, ते लोक माणसांत शिल्लक ठेवतात. हे खरं असलं तरी लग्नाचं कर्ज घराला बुडवतं, हेही तितकंच खरं. म्हणून लग्नाच्या वेळी आत्या म्हणून तुमचा शब्द वापरा. साधं लग्न करायचं असं दादा एकटे म्हणाले तर गाव नावं ठेवेल, नागपूरची शिकलेली आत्या म्हणाली तर दादांवर बोल येत नाही. सामुदायिक विवाह मेळाव्याचाही विचार करा.

आता मुख्य प्रश्न, वावर विकण्याचा. पंचेचाळिशी ओलांडलेल्या, शेतीशिवाय दुसरं काम न केलेल्या माणसाला नागपुरात काय मिळेल? बारा-बारा तासांची सिक्युरिटी गार्डची नोकरी, कळमना मार्केटमध्ये हमाली, नाहीतर मावशींच्या नवऱ्याशेजारी ठिय्यावर जागा. वावराचे आलेले पैसे आधी देण्यात जातील, मग लग्नात, आणि उरलेल्यातून शहराच्या कडेला कुणीतरी आरएल नसलेला, म्हणजे नियमित न झालेला, प्लॉट गळ्यात मारेल. शिवाय एक कायद्याची बाब आहे. महाराष्ट्रात शेतजमीन विकत घेण्यासाठी मुळात शेतकरी असावं लागतं. सगळी जमीन विकून सात-बाऱ्यावरून नाव गेलं की परतीचा रस्ता जवळजवळ बंद होतो. शहरात जम बसला नाही तर परत जायला गाव राहील, वावर राहणार नाही. काही जण थोडी जमीन विकून कर्ज पूर्ण फेडतात आणि उरलेल्यात नीट शेती करतात. व्याज कमाईपेक्षा वेगानं वाढत असेल तर तो मार्ग विचारात घ्यावा, पण शेवटचा म्हणून. एक-दोन वर्षं वावर ठेक्यानं किंवा बटईनं (पिकाच्या वाट्यावर) देऊन दादांनी शहरात काम करून बघायचं, हा मधला पर्याय आहे, त्यात जमीन तरी हातात राहते. लिखापढी मात्र हवीच.

मला विचाराल तर सगळ्यात आधी बँकेचं बघा. दादांचं पीककर्ज थकलेलं आहे का, किती, आणि कधीपासून? बरेच शेतकरी पुढच्या कर्जमाफीच्या आशेनं हप्ता थांबवतात. त्यांना दोष देता येत नाही, २०१७ मध्ये दीड लाखापर्यंत आणि २०१९ मध्ये दोन लाखांपर्यंत माफी मिळालेली त्यांनी पाहिली आहे. पण मधल्या प्रत्येक वर्षी ते सावकाराला शेकडा पाचनं देत राहतात. मुदतीत फेडणाऱ्याला महाराष्ट्रात तीन लाखांपर्यंतचं पीककर्ज बिनव्याजी पडतं. म्हणजे तुमचे तीस हजार जूनमध्ये बियाण्यात घालण्याऐवजी कर्ज नवं-जुनं करण्यात, म्हणजे जुनं फेडून नवं घेण्यात, घातले, तर दादांना पेरणीसाठी बँकेचा पैसा मिळू शकतो आणि सावकार सुटतो. थकबाकी मोठी असेल तर एकरकमी तडजोड होते का, ते विचारा. मार्चच्या आत सोसायटीत किंवा बँकेत दादांसोबत तुम्ही स्वतः जा. शिकलेली बहीण सोबत असली की साहेब खुर्ची देतात आणि नीट बोलतात. असं व्हायला नको, पण होतं, तर त्याचा उपयोग करून घ्या. सावकारानं जमिनीचं खरेदीखत करून घेतलं असेल, तर २०१४ च्या सावकारी कायद्याखाली जिल्हा उपनिबंधकांकडे तक्रार करता येते. हे पुष्कळांना माहीत नसतं.

भाच्याचं वेगळं बघू. त्याची फी तुम्ही थेट कॉलेजात भरा, म्हणजे गैरसमजाला जागा उरणार नाही. समाजकल्याणच्या वसतिगृहात जागा मिळाली तर उत्तम. नाही मिळाली तर त्याच्या प्रवर्गाप्रमाणे स्वाधार किंवा पंजाबराव देशमुख वसतिगृह निर्वाह भत्ता योजना बघा. खरं सांगायचं तर दादांना शहरात आणण्याच्या ऐवजी त्याला आणणं शहाणपणाचं आहे. त्याचं वय शिकण्याचं आहे आणि तुमच्या घरात आठवड्याला एकदा त्याला गरम जेवण मिळेल.

मदत बंद केली तर दादांचे डोळे उघडतील, असं तुम्हाला वाटतं. मदत थांबली तर ते सावकाराकडून जास्त घेतील, एवढंच होईल. दारूवर पैसे जात असतील असा तुमच्या यजमानांच्या मनात संशय असेल, तर तोही मनात ठेवू नका. काही घरांत तसं असतं. मग पैसे वहिनींच्या खात्यावर पाठवा.

मावशींसाठी जे सांगते ते हे सदर वाचणाऱ्या प्रत्येक घरासाठी आहे. पगार एक तारखेला द्या, ठरलेला दिवस चुकवू नका. तुम्ही मे महिन्यात गावाला गेलात तर पगार कापू नका, तुमच्या शाळेतून तुमचा सुट्टीचा पगार कापला तर तुम्हाला चालेल का? उचल द्या, बिनव्याजी द्या, आणि पाचशे-पाचशेनं वळती करा. त्या पाच हजारांनी मावशींना शेकडा दहाच्या सावकारापासून वाचवलं असेल. त्या किती गटांचे हप्ते भरतात ते प्रेमानं विचारा. २०२२ पासून रिझर्व्ह बँकेचा नियम आहे की मायक्रोफायनान्ससह घरातल्या सगळ्या कर्जांचे हप्ते मिळून घराच्या मासिक उत्पन्नाच्या निम्म्यापेक्षा जास्त होऊ नयेत. वसुलीवाल्याला हे ऐकवायला तुमच्यासारखं कुणी हवं. राज्यात २००८ चा घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा आहे, तिथे त्यांची नोंदणी झाली आहे का ते बघा. नागपुरात तर डॉ. रूपा कुलकर्णी-बोधी यांनी उभी केलेली विदर्भ मोलकरीण संघटना कित्येक वर्षं याच कामात आहे. आणि दोन्ही घरांची, दादांचीही, रेशनकार्डं आधारला जोडलेली, नावं बरोबर असलेली आहेत ना, एवढं तपासा. महात्मा फुले जनआरोग्य योजनेत उपचार घ्यायचे तर कार्ड लागतं, आणि मेडिकल किंवा मेयो या सरकारी दवाखान्यांच्या वॉर्डात पेशंट असताना नावातली चूक दुरुस्त करायला कुणाला वेळ नसतो.

यंदा संक्रांतीच्या सुमारास माहेरी जाऊन या, तेव्हा कापूस बऱ्यापैकी विकलेला असतो आणि दादांच्या डोक्याला थोडी मोकळीक असते. एक वही घेऊन बसा आणि बँक, सोसायटी, सावकार, कृषी केंद्र, बचत गट, सगळी देणी एका पानावर लिहा. वहिनींना शेजारी बसवा, कारण किराण्याची उधारी आणि गटाचे हप्ते त्यांनाच तोंडपाठ असतील. भाच्यालाही बसवा. दादा आधी आकडे लपवतील. तुम्ही तुमच्या घरकर्जाचा हप्ता सांगून सुरुवात करा.